रियाझानच्या बाया

रशियन भाषेत 'बाबा' म्हणजे वडील नव्हेत, बाई. तीही कुठलीही बाई नाही. शहरातली शिकलेली, टोपी घालणारी स्त्री 'बाबा' नसते. लग्न झालेली, शेतात राबणारी, डोक्याला फडकं बांधणारी, चारचौघांत जिचं मत कुणी विचारत नाही ती 'बाबा'. अनेकवचन 'बाबी'. डिसेंबर १९२७ मध्ये सोव्हिएत रशियात एक मूकपट आला, त्याचं नाव 'बाबी रियाझान्स्किये'. इंग्रजीत त्याचं भाषांतर होतं 'विमेन ऑफ रियाझान', आणि त्या शब्दाला चिकटलेली सगळी माती तिथे धुतली जाते. मराठीत ती अडचण नाही. आपल्याकडे 'स्त्रिया' भाषणात असतात आणि 'बाया' शेतात, धुण्याच्या घाटावर, भांड्यांपाशी. तेव्हा मी या चित्रपटाला 'रियाझानच्या बाया' म्हणणार आहे.

दिग्दर्शिकेचं नाव ओल्गा प्रेओब्राझेन्स्काया. हे नाव शोधलंत तर आधी एक बॅले नर्तिका भेटेल. तीही याच नावाची, तीही रशियन, वयाने साधारण दहा वर्षांनी मोठी आणि कितीतरी जास्त प्रसिद्ध. डेटाबेसमध्ये दोन नोंदींची प्रायमरी की एकच निघाली की काय गोंधळ होतो ते माझ्या धंद्यातल्या लोकांना माहीत आहे. इतिहासातही तेच होतं. तिथे तो बग कुणी नोंदवत नाही, एवढाच फरक.

चित्रपटाची गोष्ट तशी साधी आहे. १९१४चा वसंत. मॉस्कोच्या आग्नेयेला, ओका नदीच्या खोऱ्यातला रियाझान प्रांत. आन्ना ही आईबापाविना वाढलेली, मावशीकडे राहणारी गरीब मुलगी. गावातला धनाढ्य शेतकरी वासिली शिरोनिन तिला पाहतो, त्याचा मुलगा इव्हानही पाहतो. बाप मुलाचं लग्न तिच्याशी लावून देतो. मुलगा खूश, आन्नाही खूश. सासऱ्याने सून निवडताना कुणाच्या डोळ्यांनी निवडली, हे प्रेक्षकाला हळूहळू कळत जातं. मग महायुद्ध सुरू होतं, इव्हान सैन्यात जातो, आणि रिकाम्या झालेल्या घरात सासरा सुनेवर बलात्कार करतो. तिला मूल होतं. गाव बोट दाखवतं ते तिच्याकडे. शेवटी इव्हान परत येतो, बायकोच्या कडेवर पोर बघतो आणि तोंड फिरवतो. आन्ना नदीत जीव देते.

शेजारी दुसरी गोष्ट चालू असते, वासिलीच्या मुलीची. वसिलिसाचं गावातल्या लोहारावर, निकोलायवर प्रेम आहे. बाप नाही म्हणतो. ती बापाचं घर सोडते आणि लग्नाशिवाय सरळ लोहाराच्या घरी राहायला जाते. गाव तिलाही नावं ठेवतं. ती ऐकत नाही. वसिलिसाची भूमिका केली आहे एम्मा त्सेसार्स्कायाने. तिचा हा पहिलाच चित्रपट, वय अठराच्या आसपास. ती पडद्यावर चालत आली की बाकीची फ्रेम तिच्यासाठी जागा करून देते. आन्ना झालेली राइसा पुझ्नाया याच्या बरोबर उलट. प्रत्येक शॉटमध्ये ती थोडी कमी जागा घेते.

सासऱ्याने सुनेला वापरणं याला रशियनमध्ये स्वतंत्र शब्द आहे: स्नोखाचेस्त्वो. तो शब्द पहिल्यांदा वाचला तेव्हा मी थबकलो. 'स्नोखा' म्हणजे सून. संस्कृतातला 'स्नुषा' आणि हा रशियन शब्द एकाच मुळाचे, आणि आपला 'सून'ही त्याच स्नुषेपासून आलेला. हजारो वर्षांपूर्वी एका भाषेचे फाटे फुटले, त्यातला एक व्होल्गा-ओकाच्या बाजूला गेला, एक गोदावरीकडे आला, आणि दोन्हीकडे घरात आणलेल्या मुलीचं नाव तेच राहिलं. रशियाने त्या नावावरून एका अत्याचारालाही नाव दिलं. एखाद्या गोष्टीला जातिवाचक नाम मिळतं तेव्हा ती अपवाद उरलेली नसते, हे वेगळं सांगायला नको.

ती अपवाद का नव्हती याचं उत्तर शेतीच्या रचनेत आहे. रशियन शेतकऱ्याचं घर म्हणजे 'द्वोर': तीन-तीन पिढ्या एका छताखाली, जमीन, जनावरं, अवजारं सगळं सामाईक, आणि सगळ्यांवर एक थोरला पुरुष. त्याला म्हणत 'बोल्शाक'. आपल्या एकत्र कुटुंबाच्या कायद्यात ज्याला 'कर्ता' म्हणतात, जवळपास तोच. कुणी कुठे राबायचं, कुणाचं लग्न कधी, पैसा कुणाच्या हातात, हे तो ठरवणार. मुलाचं लग्न लवकर उरकायचं, कारण सून म्हणजे कामाचे दोन जादा हात. मध्य रशियातल्या प्रांतांमध्ये जमीन कमी आणि तोंडं जास्त, म्हणून तरुण पुरुष वर्षातले कित्येक महिने मॉस्कोला किंवा पीटर्सबर्गला कामाला जात. कोकणातल्या चाकरमान्यांसारखं, किंवा साताऱ्याहून मुंबईच्या गोदीत आलेल्यांसारखं. नवरा शहरात, बायको सासरी. त्यात १९१४ला युद्ध आलं. रशियाने त्या युद्धात सुमारे दीड कोटी माणसं सैन्यात ओढली, त्यातली बहुतेक खेड्यांतली. किती आन्ना मागे राहिल्या असतील, याचा हिशेब कुठल्याच युद्धाच्या आकडेवारीत येत नाही.

प्रेओब्राझेन्स्काया स्वतः खेड्यातली नव्हती. जन्म १८८१, मॉस्को. तिथल्या आर्ट थिएटरच्या शाळेत ती अभिनय शिकली, गावोगावच्या नाटक कंपन्यांत कामं केली आणि १९१३ साली 'सुखाच्या किल्ल्या' या चित्रपटातून पडद्यावर आली. एका खपाऊ कादंबरीवरचा तो चित्रपट त्या काळी तुफान चालला. मग तुर्गेनेव्ह, मग तोलस्तोयची नताशा. थोडक्यात, झारच्या रशियातली पडद्यावरची नायिका. १९१६ मध्ये तिने व्लादिमिर गार्दिनच्या जोडीने पुश्किनच्या कथेवरचा 'शेतकरीण झालेली सरदारकन्या' दिग्दर्शित केला. रशियातल्या पहिल्या स्त्री-दिग्दर्शकांत तिचं नाव घेतात ते यामुळे. या कथेत एक सरदाराची मुलगी गंमत म्हणून खेडवळ पोरीचा वेश घेते. अकरा वर्षांनी तिने खेड्यातल्या बायकांवर चित्रपट केला तेव्हा वेशांतराची गंमत संपलेली होती.

मधल्या काळात क्रांती झाली. तिच्या पिढीतले बरेच चित्रपटवाले देश सोडून पॅरिस-बर्लिनला गेले, ती राहिली. १९१९मध्ये मॉस्कोत सरकारी चित्रपटशाळा निघाली, जगातल्या अगदी पहिल्या चित्रपटशाळांपैकी एक. तिथे ती शिकवायला लागली. पुढे लहान मुलांसाठी चित्रपट केले, त्यातला एक चेखॉव्हच्या 'कश्तान्का' या कुत्रीच्या गोष्टीवर. मुलांचे चित्रपट बाईकडे द्यायचे ही वाटणी तेव्हाही होतीच, तिला क्रांतीने धक्का लावला नव्हता. तिच्याहून वयाने बराच लहान असलेला इव्हान प्राव्होव्ह आधी मदतनीस आणि मग सहदिग्दर्शक म्हणून तिच्याबरोबर काम करू लागला. 'रियाझानच्या बाया'वर दोघांचं नाव येतं. गिटमध्ये कुठली ओळ कुणी लिहिली ते एका कमांडने दिसतं, १९२७च्या सेटवर तशी सोय नव्हती. पण जिची अभिनय शिकवण्यात वर्षं गेली तिचा हात यातल्या बायकांच्या कामात मला स्पष्ट दिसतो.

आता १९२७ हे साल जरा जवळून बघू. क्रांतीचा दहावा वाढदिवस. आयझेन्स्टाइन 'ऑक्टोबर'वर काम करत होता, पुदोव्हकिनने 'सेंट पीटर्सबर्गचा शेवट' केला होता, एस्फिर शुबने जुन्या वृत्तफिती कापून-जोडून रोमानोव्ह घराण्याच्या पतनाचा पट उभा केला होता. सगळीकडे जमाव, बंदुका, पुतळे कोसळतायत. आणि 'रियाझानच्या बाया'त क्रांती कुठे आहे? कुठेच नाही. चित्रपट युद्धाच्या वर्षांतून उडी मारून थेट १९१८मध्ये पोचतो. १९१७ हे साल, ज्याच्यासाठी अख्ख्या देशाचा चित्रपटउद्योग कामाला लागला होता, ते दोन पाट्यांच्या मधल्या फटीत पडून जातं.

ही उडी मला चित्रपटातली सगळ्यात धाडसी गोष्ट वाटते. आन्नाच्या घरात १९१७ने काय बदललं? बोल्शाक तोच, चूल तीच, गावाची जीभ तीच. जमीनदाराचा वाडा रिकामा झाला एवढं खरं, आणि त्या वाड्यात वसिलिसा अनाथ मुलांसाठी घर उभं करायला लागते. क्रांती एवढीच दिसते: मोडकळीला आलेली एक इमारत आणि ती साफ करणारी एक बाई. पक्षाचा कुणी कार्यकर्ता येऊन भाषण ठोकत नाही, लाल झेंडा फडकत नाही.

गोष्ट १९१८ला संपत असली तरी चित्रपट बोलतो ते १९२६-२७बद्दल, असं मी म्हणेन. सोव्हिएत सरकारने १९१८मध्येच कुटुंबाचा नवा कायदा केला होता: चर्चचं लग्न कायद्याच्या दृष्टीने रद्द, नोंदणी पुरेशी, आणि लग्नातलं मूल व लग्नाबाहेरचं मूल यांत भेद नाही. १९२७च्या १ जानेवारीपासून त्याहून पुढचा कायदा आला. त्याने नोंदणी न करता एकत्र राहणाऱ्या जोडप्यालाही बरेचसे वैवाहिक हक्क दिले. म्हणजे वसिलिसाने लोहाराच्या घरी जाऊन राहणं, ज्याला गाव पाप म्हणतं, ते प्रेक्षक चित्रपट बघत होते त्या वर्षी कायद्याने मान्य होतं. या कायद्यावर आधी वर्षभर देशभर सभा झाल्या आणि सर्वांत कडवा विरोध खेड्यांतून आला. त्यांचा मुद्दा नुसता नीतीचा नव्हता. जमीन आणि गाय द्वोरची, सामाईक. घरातल्या एका पुरुषाने बाहेर संबंध ठेवला आणि त्याला पोटगी लागली, तर ती गाय कुणाच्या वाट्याची विकायची? आपल्याकडे हिंदू कोड बिलाच्या वेळी एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेत मुलीला वाटा द्यायचा म्हटल्यावर जो गदारोळ झाला तो आठवा. धर्म आणि संस्कृतीच्या भाषेत मांडलेल्या बऱ्याच आक्षेपांच्या खाली सातबारा असतो.

तर १९२७च्या प्रेक्षकाला आन्ना आणि वसिलिसा या शेजारशेजारच्या बायका म्हणजे जुनं आणि नवं. इथे मात्र माझी एक तक्रार आहे. ही जोडी फार नीट बसवलेली आहे. जी वाकते ती मरते, जी वाकत नाही ती जगते. खऱ्या गावात वाकणाऱ्याही जगतात, आणि न वाकणाऱ्यांपैकी कित्येकींना जगू दिलं जात नाही. वसिलिसाला घर सोडून जायला एक लोहार होता, ज्याच्या हातात कसब होतं आणि जो बोल्शाकच्या भाकरीवर नव्हता. आन्नाला जायला मावशीचं घर होतं, तेही फाटकं. धैर्यालाही पत्ता लागतो. चित्रपट हे दाखवतो, पण त्यावर थांबत नाही.

त्या वेळच्या टीकाकारांची तक्रार वेगळी होती. चित्रपट देखणा आहे, हीच. रियाझानचे भरतकाम केलेले झगे, मण्यांचे शिरोभूषण, लग्नातले विधी, वाऱ्यावर उडणारे धुतलेले कपडे: हे सगळं मानववंशशास्त्राच्या संग्रहालयासारखं आहे, यात वर्गसंघर्ष कुठे आहे, असं म्हटलं गेलं. त्यात अगदी तथ्य नाही असं नाही. कॅमेरामन कॉन्स्टान्टिन कुझ्नेत्सोव्हला राईच्या शेतात वारा घुसला की भान राहत नाही, आणि शेत समुद्रासारखं हलत राहतं. पण लग्नाचा प्रसंग पुन्हा बघा. विधी संपता संपत नाहीत. एकेक वस्त्र, एकेक दागिना चढत जातो, बायका गात राहतात, आणि या सगळ्याच्या मधोमध आन्नाचा चेहरा लहान होत जातो. तो नुसता पोशाखाचा सोस असता तर कॅमेरा कपड्यांवर राहिला असता. तो चेहऱ्यावर जातो.

लोकांनी मात्र टीकाकारांचं ऐकलं नाही. चित्रपट जोरात चालला, परदेशातही गेला. जर्मनीत आणि अमेरिकेत त्याला 'पापाचं गाव' असं नाव देऊन विकलं. पाप गावाचं, वासिलीचं नाही! मार्केटिंगवाले सगळीकडे सारखेच.

ज्या महिन्यात हा चित्रपट लागला त्याच महिन्यात मॉस्कोत कम्युनिस्ट पक्षाचं पंधरावं अधिवेशन भरलं होतं, आणि शेतीचं सामूहिकीकरण हीच पुढची दिशा असा ठराव तिथे झाला. दोन वर्षांत ते सक्तीने सुरू झालं. पडद्यावरचं खेडंही बदललं. आयझेन्स्टाइनच्या 'जुनं आणि नवं'मध्ये मार्फा लाप्किना ही खरीखुरी शेतकरी बाई नायिका आहे, आणि चित्रपटातला सर्वांत आनंदाचा क्षण दुधातून साय काढणारं यंत्र चालतं तेव्हाचा आहे. दोव्झेन्कोच्या 'पृथ्वी'त गावात ट्रॅक्टर येतो. दोन्ही चित्रपट थोर आहेत, मी त्यांच्याविरुद्ध एक शब्द बोलणार नाही. पण चित्रपटांच्या इतिहासात सोव्हिएत खेडं म्हणजे ही दोन नावं पक्की झाली आणि प्रेओब्राझेन्स्काया मागे राहिली, यात संकलनाच्या क्रांतिकारी तंत्राइतकाच त्या यंत्रांचाही हात आहे असं मला वाटतं. ट्रॅक्टर गावात आल्याचं दाखवता येतं. रात्री माजघरात काय बदललं ते दाखवायला कुणीतरी आत जावं लागतं.

तिने पुढचा मोठा चित्रपट घेतला तो शोलोखॉव्हच्या 'शांत वाहणारा दोन'वर. कादंबरीचा पहिला भाग १९२८मध्येच आला होता आणि शेवट लिहून व्हायचा होता. अक्सिन्याच्या भूमिकेत पुन्हा एम्मा त्सेसार्स्काया. या वेळी वारं फिरलेलं होतं. कॉसॅक शेतकऱ्यांचं कौतुक केलंत, वर्गशत्रूला सहानुभूती दाखवलीत, असा ठपका आला. प्रदर्शन रखडून चित्रपट १९३१मध्ये बाहेर आला. ज्या घरांच्या आत ती कॅमेरा नेत होती त्या घरांतल्या माणसांना तोवर 'कुलाक' ठरवून गाड्यांत भरून पाठवलं जात होतं. वासिलीसारखा बोल्शाक आता खलनायक म्हणून चालला असता, पण फक्त धान्य लपवणारा म्हणून. सुनेचा प्रश्न विषयपत्रिकेवरून उतरला होता. पक्षाचा महिला विभाग १९३०मध्ये बंद झाला, बायकांचा प्रश्न सुटला असं सांगून. १९३६मध्ये गर्भपातावर बंदी आली. १९४४च्या हुकमाने नोंदणी न केलेल्या लग्नाची मान्यताच काढून घेतली. वसिलिसा आणि तिचा लोहार पुन्हा बेकायदा झाले.

प्रेओब्राझेन्स्कायाने १९३९मध्ये 'स्तेपान राझिन' केला, त्यात बंडखोर कॉसॅक आहे पण तीनशे वर्षांपूर्वीचा, म्हणजे निर्धोक. १९४१मध्ये शेवटचा चित्रपट. ती गेली १९७१मध्ये, नव्वदाव्या वर्षी. मधली तीस वर्षं तिच्या नावावर चित्रपट नाही.

आपल्याकडे १९२५मध्ये बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात 'सावकारी पाश' केला. जमीन गमावलेला शेतकरी, तरुण शांताराम पडद्यावर, आणि भारतीय मूकपटात तोवर न दिसलेलं खरं दारिद्र्य. दोन्ही चित्रपट दोन वर्षांच्या अंतरातले. पण त्या मूकपटाची प्रत उरलेली नाही. आपण त्याच्याबद्दल वाचतो, बघू शकत नाही. 'रियाझानच्या बाया' उरला आहे आणि इंटरनेटवर मिळतोही. पाट्या रशियनमध्ये असतील तर व्हिडिओ थांबवून फोनच्या भाषांतराच्या ॲपने वाचता येतात, मी तसंच केलं. माणसं तुरुतुरु चालताना दिसली तर प्लेअरचा वेग थोडा कमी करा. मूकपट कमी वेगाने चित्रित होत आणि पुष्कळदा ते आजच्या चोवीस फ्रेमच्या वेगाने चढवले जातात, म्हणून दुःखातली माणसंही विनोदी दिसतात. आणि डेटा वाचवण्यासाठी क्वालिटी उतरवू नका. राईच्या शेतातली प्रत्येक लोंबी वेगळी हलते, कॉम्प्रेशनला नेमकी तीच गोष्ट झेपत नाही आणि शेताचे चौकोनी ठोकळे होतात.

शेवटाबद्दल एक सांगायचं राहिलं. आन्नाच्या मरणानंतर वसिलिसा बापाकडे बोट दाखवते आणि मूल उचलून त्या वाड्यातल्या अनाथाश्रमात घेऊन जाते. आजच्या प्रेक्षकाला प्रश्न पडतो, ती ते मूल स्वतःच्या घरी का नेत नाही? एक उत्तर कायद्यात आहे. १९१८च्या सोव्हिएत कायद्याने दत्तक घेणंच बंद केलं होतं. शेतकरी फुकटच्या मजुरीसाठी पोरं दत्तक घेतात, ही त्यामागची भीती. मुलं सरकार वाढवेल असं ठरलं होतं. १९२०च्या दशकात रस्त्यावर लाखो बेवारस मुलं झाली, सरकारी घरं भरून वाहू लागली आणि १९२६मध्ये दत्तकविधान परत आणावं लागलं. म्हणजे डिसेंबर १९२७च्या प्रेक्षकाने वसिलिसाला त्या वाड्याच्या दिशेने जाताना पाहिलं तेव्हा अशा घरांचं पुढे काय झालं ते त्याला माहीत होतं. वसिलिसाला माहीत नाही. ती ताठ चालत राहते, आणि तिच्या कडेवरचं ते पोर नात्याने तिचा भाऊ लागतं.